प्लेगात मजुरीचा भाव चढला, साचा मात्र मिळाला नाही

शाळेच्या इतिहासात १८९७ चा प्लेग आला की रँड येतो, चाफेकर येतात. धडा संपला. मग गिरणीतला माणूस कुठं गेला? त्याचाच शोध घेऊ, दोस्तहो.

सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीत प्लेग सापडला. तेव्हा मुंबईत आठ लाखांवर माणसं होती. त्यातली बरीच कोकणातून, घाटावरून पोट घेऊन आलेली. घरात उंदीर मरून पडू लागले. पाठोपाठ सरकारची माणसं आली. रोग्याला उचलून नेऊ लागली. इस्पितळात गेलेला परत येत नाही, अशी बोलवा झाली. ऑक्टोबरात गिरणी कामगारांच्या जमावानं आर्थर रोडच्या इस्पितळावर चाल केली. १८९७ चा फेब्रुवारी येईतो निम्म्याच्या आसपास मुंबई गावाकडं पळाली होती.

आणि गिरण्या अडल्या. चाकं आपोआप फिरत नाहीत, हे मालकांना तेव्हा कळलं. एरवी पगार महिन्यानं, तोही काही दिवस अडकवून ठेवलेला. आता नाक्यानाक्यावर कामगारांची बोली लागली. रोज संध्याकाळी रोख हातात पडू लागला. मालक एकमेकांची माणसं फोडू लागले. युनियन नव्हती, झेंडा नव्हता. माणूस गावी निघून गेला, हाच त्याचा संप.

सरकारनं काय केलं? ४ फेब्रुवारी १८९७ ला साथरोग कायदा केला. प्रवासी तपासा, घरात शिरा, माणूस अलग करा. अधिकाऱ्यावर दावाही लावता येऊ नये, ही सोय त्यातच. १८९८ मध्ये सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट आला. शहर सुधारायचं म्हणून त्यानं गरिबांच्या खोल्या पाडल्या जास्त, बांधल्या कमी.

आपली माणसं कुठं होती, तेही ऐका. गिरणी कामगारांची पहिली संघटना काढणारे नारायण मेघाजी लोखंडे ९ फेब्रुवारी १८९७ ला प्लेगानंच गेले. १० मार्चला पुण्यात रोग्यांची सेवा करता करता सावित्रीबाई गेल्या. धड्यात ही दोन मरणं शोधून बघा.

आता मुद्द्याची गोष्ट. माणसाचा एवढा तुटवडा पडला, मजुरी चढली, मालक नाक्यावर आले. पण साचेखात्याचं दार अस्पृश्याला उघडलं का? नाही. कांडी बदलताना सूत तोंडानं ओढावं लागे, म्हणजे विटाळ! जास्त पगाराचं विणकाम सवर्णांना, आपल्याला कताई आणि झाडलोट. प्लेगानंतर तीस वर्षांनी, १९२८ च्या संपात, बाबासाहेबांना हाच प्रश्न संपवाल्या पुढाऱ्यांपुढं मांडावा लागला. म्हणजे टंचाईनं मालक वाकला. जात वाकली नाही.

मार्च २०२० मध्ये तोच १८९७ चा कायदा पुन्हा बाहेर काढला. मजूर पुन्हा गावाकडं निघाले, या खेपेला पायी. मे महिन्यात काही राज्यांनी कामगार कायदे सैल केले, पाळी बारा तासांवर नेली. १८९७ ला पळालेल्याच्या मागं मालक पैसे घेऊन धावला होता. २०२० ला परतणाऱ्यासाठी जादा तास तयार ठेवले.

म्हणून नुसता मजुरीचा हिशेब मांडू नका. चांगलं खातं कोणाला मिळालं, तेही प्रत्येक वेळी विचारा. संघटनेच्या बैठकीत तर पहिल्यांदा विचारा.