भोकं जुळायला हवीत

गोदारचा 'ब्रेथलेस' म्हटलं की सगळे त्याच्या एडिटिंगवर बोलतात. कोड लिहून पोट भरणाऱ्या मला मात्र त्याचा कॅमेरामन राऊल कुतार जास्त जवळचा वाटतो.

कुतारचा जन्म पॅरिसमध्ये, १९२४ साली. तरुणपणी त्याने इंडोचायनात युद्धाचे फोटो काढले. मित्र पिएर शोंदेर्फेरने सिनेमासाठी बोलावलं, तेव्हा आपल्याला फक्त सेटवर फोटो काढायचेत, असंच त्याला वाटलं होतं!

१९५९ साली 'ब्रेथलेस'चं शूटिंग सुरू झालं. गोदारला मोठमोठे दिवे नको होते. रात्रीचं पॅरिस आहे त्या उजेडात हवं होतं. सिनेमाच्या फिल्मला तो उजेड पुरेना. इल्फर्डची 'एचपीएस' ही फिल्म चालली असती, पण ती फोटोग्राफर लोकांसाठी बनायची, साडेसतरा मीटरच्या तुकड्यांत. मग ते तुकडे एकमेकांना जोडले. आता कडेची भोकं नेहमीच्या मिचेल कॅमेऱ्यात बसेनात. कामेफ्लेक्समध्ये बसली. हा कॅमेरा हलका, हातात धरता येणारा, पण प्रचंड आवाज करणारा. म्हणून संवाद नंतर डब केले. आणि आवाज रेकॉर्डच होत नसल्यामुळे गोदार शॉट चालू असतानाच नटांना संवाद सांगू शकला.

ट्रॉलीऐवजी व्हीलचेअर वापरली. शाँझेलिझेवर लोकांनी कॅमेऱ्याकडे बघू नये म्हणून कुतार टपालाच्या हातगाडीत लपून बसला.

पुढे घरातल्या दृश्यांत तो दिव्यांचा झोत छतावर मारून उजेड खोलीभर पसरवू लागला, म्हणजे नट कुठेही फिरायला मोकळे. परावर्तित उजेडाची ही युक्ती आपल्याकडे सुब्रत मित्र यांनी त्याआधीच, १९५६च्या 'अपराजितो'त, कापड ताणून वापरली होती. दोघांनी आपापल्या अडचणीतून वाट काढली.

१९७० साली कुतारने स्वतः 'होआ बिन्ह' दिग्दर्शित केला. व्हिएतनामच्या युद्धात सापडलेल्या मुलाची ही गोष्ट. कान महोत्सवात तिला पहिल्या चित्रपटाचं पारितोषिक मिळालं. २०१६ साली कुतार गेला.

आपण ज्याला गोदारची शैली म्हणतो, तिच्यातला बराच भाग 'हे कसं जमवायचं?' या प्रश्नाचं कुतारने दिलेलं उत्तर आहे. पुढच्या वेळी 'ब्रेथलेस' लावाल, तेव्हा त्याची आठवण ठेवा.