सारो उर्त्सी : एक चरित्रनट

चित्रपट पाहून परतलेल्या प्रेक्षकास नायक-नायिकांची नावे विचारावीत, तो ती चटकन सांगतो. परंतु ज्याने फौजदार, शेजारी किंवा मुलीचा बाप उभा केला, त्या नटाचे नाव त्यास बहुधा आठवत नाही. अशा अनामिकांच्या पंक्तीत बसून ज्याने इटलीच्या चित्रसृष्टीची तीसहून अधिक वर्षे इमानाने सेवा केली, तो नट म्हणजे सारो उर्त्सी. सिसिली बेटावरील कातानिया येथे १९१३ साली तो जन्मला.

त्याचे गुण हेरले ते पिएत्रो जेर्मी या दिग्दर्शकाने. जेर्मी उत्तरेकडील जेनोव्हाचा. परंतु सिसिलीच्या जीवनावर त्याने पुनःपुन्हा चित्रपट रचले. १९४९ च्या ‘कायद्याच्या नावाने’ या चित्रपटात माफियाच्या दहशतीखालील गावी आलेल्या तरुण न्यायाधीशाचा पाठीराखा असा पोलीस अंमलदार उर्त्सीने रंगविला आणि सहायक भूमिकेचे ‘रुपेरी फीत’ हे मानाचे पारितोषिक मिळविले. पुढच्याच वर्षी ‘आशेची वाट’ या चित्रपटात तो दिसला, तो बेकार खाणकामगारांना फ्रान्सला नेण्याचे आमिष दाखवून लुबाडणारा दलाल म्हणून! काल जो चेहरा कायद्याचा आधार वाटला, तोच आज गरिबांचा काळ वाटावा, ही चरित्रनटाची खरी कसोटी होय. १९५६ च्या ‘रेल्वेवाला’ चित्रपटात तोच इंजिन-चालकाचा जिवाभावाचा सोबती झाला.

वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी, १९६४ साली, जेर्मीने ‘फसविलेली आणि टाकलेली’ या चित्रपटाचा सारा भार त्याच्या खांद्यावर ठेवला. थोरल्या मुलीच्या वाग्दत्त वराने धाकटीस भ्रष्ट केले आहे; आणि बाप दोन व्हिन्चेन्झो याला चिंता आहे ती मुलीच्या दुःखाची नव्हे, घराण्याच्या अब्रूची. अपराध्याने त्या मुलीशी लग्न लावले की त्याचा गुन्हा पुसला जाई, असे इटलीच्या दंडसंहितेचे ५४४ वे कलम तेव्हा सांगत असे. घरात गर्जणारा, चारचौघांत हसतमुख राहणारा आणि अखेर अब्रूपायी प्राणही वेचणारा हा बाप उर्त्सीने असा साकारला, की प्रेक्षक हसता हसता अंतर्मुख व्हावा. त्या वर्षी कान महोत्सवातील उत्कृष्ट अभिनेत्याचा सन्मान त्याला हंगेरीच्या आंताल पागेर यांच्यासमवेत विभागून मिळाला.

पुढे फ्रांका व्हिओला या सिसिलियन तरुणीने तसला विवाह धुडकावला आणि १९६६ साली तिच्या अपहरणकर्त्याला शिक्षा झाली. ते कलम मात्र रद्द झाले १९८१ मध्ये. उर्त्सी १९७९ सालीच निवर्तला होता. एकटा चित्रपट कायदा बदलत नाही, हे खरे. परंतु ज्या रूढीला समाज अब्रू म्हणून मिरवितो, तिचा हास्यास्पद आणि क्रूर चेहरा त्याला दाखविण्यास एखादा चरित्रनटही पुरेसा होतो. उर्त्सीचे नाव स्मरणात ठेवावयाचे ते यासाठी.