गोरेगाव
३. मूळ मजकुरातील गोरेगाव म्हणजे १९७७ साली चित्रनगरी वसलेले मुंबईचे उपनगर नव्हे, तर हिंगोली जिल्ह्याच्या सेनगाव तालुक्यातील गाव होय. पुढे निर्देशिलेले नागराज मंजुळे हेही चित्रनगरीपासून अशाच दूरच्या मुलखातले, करमाळा तालुक्यातील जेऊरचे. 'पिस्तुल्या' या लघुपटानंतर त्यांनी २०१३ साली 'फँड्री' हा चित्रपट लिहिला, दिग्दर्शित केला आणि त्यात सायकलदुकान चालविणाऱ्या चंक्याची भूमिकाही स्वतः वठविली. काळ्या चिमणीच्या ध्यासाने रानोमाळ हिंडणाऱ्या, या चित्रपटाचा नायक असलेल्या जब्याने अखेरीस प्रेक्षकांच्याच रोखाने भिरकावलेला तो दगड, लेखन, अभिनय व दिग्दर्शन यांची मुखत्यारी एकाच हाती नसती, तर इतक्या अचूक नेमाने सुटला नसता, अशी प्रस्तुत संपादकाची निःसंदिग्ध धारणा आहे. — संपा.