२० ऑगस्ट १९१२ : गुत्त्यांपुढचा ‘जनरल’

मुक्तिफौजेचे (सॅल्व्हेशन आर्मी) संस्थापक विल्यम बूथ यांचे आजच्या दिवशी लंडनमध्ये निधन झाले. वय ८३, दृष्टी गेलेली.

नॉटिंगहॅमचा हा मुलगा तेराव्या वर्षी सावकारी गहाणवटीच्या दुकानात उमेदवारीला लागला. शनिवारच्या दारूसाठी अंगावरचा कोट गहाण टाकणारी माणसे त्याने गल्ल्यापाशी उभे राहून पाहिली. १८६५मध्ये लंडनच्या व्हाइटचॅपलमध्ये, जुन्या दफनभूमीवर तंबू ठोकून त्याने प्रवचने सुरू केली. श्रोते कोण? दारुडे, वेश्या, बेघर. प्रतिष्ठित चर्चमध्ये ज्यांना बाकावर जागा नव्हती, ते.

१८७८मध्ये या मिशनची ‘फौज’ झाली. गणवेश आला, बँड आला, बूथ स्वतः ‘जनरल’. गिऱ्हाईक तुटल्याने गुत्तेवाले चिडले. त्यांच्या चिथावणीने उभ्या राहिलेल्या ‘स्केलेटन आर्मी’ने मिरवणुकांवर दगड, कुजकी अंडी, मेलेले उंदीर फेकले. शास्त्रज्ञ थॉमस हक्स्ले यांनी तर ‘टाइम्स’मधून या एकतंत्री कारभारावर झोड उठवली. आक्षेप अगदीच पोकळ नव्हता. खुद्द बूथ यांचा मुलगा बॅलिंग्टन १८९६मध्ये फौज सोडून गेला.

तरीही १८९१चा बूथ यांचा काडेपेटी कारखाना विसरता येत नाही. पिवळ्या फॉस्फरसने कामगारांचे जबडे सडत. इथे लाल फॉस्फरस वापरला आणि मजुरीही जास्त दिली.

फौज १८८२मध्ये मुंबईत उतरली. म्होरक्या फ्रेडरिक टकर, सनदी नोकरी सोडून आलेला, पुढे बूथ यांचा जावई. मिरवणुका काढल्या म्हणून पोलिसांनी त्याला पकडलेही. अहिल्यानगरचे ‘बूथ हॉस्पिटल’ याच फौजेचे. नाव मात्र विल्यम यांचे नव्हे, त्यांची मुलगी इव्हॅंजेलिन हिचे.