कुठं उतरणार?

लोकलमध्ये आमच्या बायकांच्या डब्यात ओळख नावानं सुरू होत नसे. "कुठं उतरणार?" हाच पहिला प्रश्न, आणि विचारणारीचा डोळा तुमच्या जागेवर. दिलेलं उत्तर मग कायमचं चिकटे. मी 'भायखळा', समोरची 'घाटकोपर'. मी चढते त्या कोपरला फक्त धीम्या गाड्या थांबतात, त्याही डोंबिवलीतच खच्चून भरलेल्या. बसायचं तर कल्याणहून येणारीशी जमवून घ्यावं लागे; ठाण्याला ती उठे, मी बसे. या देवघेवीतून ग्रुप झाला. पालेभाजी निवडणं, भिशी, हप्त्यावरच्या साड्या, दसऱ्याला डब्याला झेंडूचं तोरण, सगळं तिथंच. घाटकोपरची ओटीसुद्धा आम्ही मुंब्रा ते ठाणे दरम्यान भरली. तिचं आडनाव कुणाला ठाऊक नव्हतं.

२००३ मध्ये इनकमिंग फुकट झालं नि मिस्ड कॉल सुरू झाले. कल्याणहून एक रिंग म्हणजे गाडी सुटली, दोन म्हणजे लेट. ऑर्कुट वगैरे घरातल्या पोरांचं. डब्याला त्याची झळ लागली नाही. माझ्या फोनमध्ये तेव्हाही ती 'घाटकोपर चष्मा'च होती.

खरी उलथापालथ व्हॉट्सअॅपनं केली. डीपीसोबत आडनाव आलं, नवरा आला, नव्या फ्लॅटचं इंटिरिअर आलं. आडनावावरून कोण आगरी, कोण सीकेपी याचे आडाखे सुरू झाले. २०१४च्या निवडणुकीत एका फॉरवर्डवरून दोघींची अशी जुंपली, की दुसऱ्या दिवशी एक या दारात, दुसरी त्या दारात. एकमेकींविषयी अर्धवट माहिती होती म्हणूनच आमचं इतकी वर्षं निभलं, असं माझं मत आहे.

मार्च २०२०मध्ये करोनामुळे लोकल बंद पडली तेव्हा याच व्हॉट्सअॅप ग्रुपनं औषधं मिळवून दिली, हे नाकारणार नाही. पण १५ ऑगस्ट २०२१पासून दोन डोसवाल्यांना प्रवास खुला झाला तोवर निम्म्याजणी घरूनच काम करू लागल्या होत्या. त्यांची गुड मॉर्निंगं येतात. जागा धरायला कुणी नाही. नव्या मुली कानात इअरफोन घालूनच चढतात.

आताशा मी एम-इंडिकेटर अॅपच्या ट्रेन चॅटवर रमते. गाडी कुठं अडकली विचारलं, की कुणीतरी सांगतं, "दिव्याला उभी आहे." मीही कळवते, "कोपर सोडलं." कुणी नाव विचारत नाही.