बालगृहातला बँड

बॉब मार्ले आपल्याला माहीत असतो, निदान टी-शर्टवरून तरी. १९६४ साली वेलर्सबरोबर त्याचं 'सिमर डाउन' गाजलं, तेव्हा मागे वाजवत होता स्काटलाइट्स नावाचा बँड. या बँडच्या संस्थापकांपैकी चौघे, टॉमी मॅकूक, डॉन ड्रमंड, लेस्टर स्टर्लिंग आणि जॉनी मूर, एकाच बालगृहातले. ते बालगृह म्हणजे जमैकाच्या राजधानीतलं, किंग्स्टनमधलं 'अल्फा'.

१८८० साली जेसी रिपोल या कॅथलिक बाईंनी मैत्रिणींच्या मदतीने ते सुरू केलं. सुरुवात अनाथ मुलींपासून झाली, पुढे मुलगेही आले. १८९० मध्ये इंग्लंडहून 'सिस्टर्स ऑफ मर्सी' पंथाच्या नन्स आल्या, जेसीबाई स्वतःही त्यांच्यात सामील झाल्या.

इथे फक्त अनाथ मुलं नव्हती. घरी भागत नाही म्हणून आईने आणून सोडलेली होती, शाळा बुडवून रस्त्यावर फिरणारीही होती. शिस्त कडक. शिवणकाम, सुतारकाम, छपाई असं काहीतरी हातात देऊनच मुलाला बाहेर पाठवायचं, हा नियम. बँडसुद्धा त्यातलाच, पोट भरायचा एक धंदा! इथून निघालेली पोरं लष्करी बँडमध्ये, हॉटेलांच्या वाद्यवृंदात नोकरीला लागत.

१९३९ मध्ये आलेल्या सिस्टर इग्नेशियस यांनी मात्र त्यात जीव ओतला. त्यांच्याकडे रेकॉर्ड्सचा मोठा साठा होता. मुलांसाठी त्या स्वतः रेकॉर्ड्स लावायच्या. २००३ मध्ये त्या गेल्या. तोवर अल्फाच्या मुलांनी जमैकाचं स्का आणि रेगे संगीत जगभर नेलं होतं.

सगळ्यांचंच भलं झालं असं नाही. असामान्य ट्रॉम्बोनवादक ड्रमंड मानसिक आजाराशी झगडत होता. १९६५ च्या सुरुवातीलाच त्याच्या हातून प्रेयसीचा खून झाला आणि १९६९ मध्ये तो मनोरुग्णालयातच वारला. छप्पर आणि हुनर मिळालं म्हणून आतली जखम भरतेच असं नाही.

वाढता खर्च आणि मुलांचे अवघड होत चाललेले प्रश्न, यामुळे २०१४ मध्ये निवासी विभाग बंद झाला. प्रशिक्षण चालू आहे, संगीताचंही. पण रात्री झोपायला जागा नसलेल्या मुलाला आता तिथे खाट मिळत नाही.

देशाला जगात नाव मिळवून देणारं संगीत ज्या घरातून आलं, त्या घराचा खर्च कुणी उचलायला हवा होता? तुम्हाला काय वाटतं, नक्की लिहा.