महाराष्ट्र फिल्म कंपनी : कोल्हापूरची मूकपटशाळा

मराठी चित्रपटाच्या इतिहासात दादासाहेब फाळके आणि 'प्रभात' ही दोन नावे सर्वांच्या परिचयाची आहेत. या दोहोंच्या मधला काळ मात्र सामान्य वाचकाला फारसा ठाऊक नसतो. हा काळ प्रामुख्याने कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा आहे. मुंबईच्या बाजारपेठेपासून दूर, एका संस्थानी राजधानीत, पडदे रंगविणाऱ्या एका चित्रकाराने हा स्टुडिओ उभा केला. सुमारे बारा वर्षे तो स्वतःच्या बळावर चालला. त्याचे बहुतेक मूकपट आज नष्ट झाले आहेत. तरीही मराठी चित्रपटाचा पुढचा सारा विस्तार या कंपनीत घडलेल्या माणसांनी केला.

रंगभूमीच्या पडद्यांपासून

कंपनीचे संस्थापक बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात झाला. सुतारकाम, मूर्तिकाम आणि चित्रकला घराण्यातच होती. बाबूराव आणि त्यांचे आतेबंधू आनंदराव हे दोघेही संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. केशवराव भोसले यांची 'ललितकलादर्श' आणि बालगंधर्वांची 'गंधर्व नाटक मंडळी' यांसारख्या संस्थांच्या रंगमंचावर या बंधूंचे पडदे झळकले. याच व्यवसायामुळे 'मेस्त्री' हे आडनाव मागे पडले आणि 'पेंटर' हे नाव त्यांना कायमचे चिकटले.

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन सिनेमागृहात फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रदर्शित झाला. त्यानंतर या बंधूंना चलच्चित्राचा ध्यास लागला. त्यांनी मुंबईच्या जुन्या बाजारातून एक प्रक्षेपक यंत्र मिळविले आणि कोल्हापुरात काही काळ चित्रपट दाखविण्याचा व्यवसायही केला. मात्र त्यांना चित्रपट दाखवायचे नव्हते, काढायचे होते. त्यासाठी कॅमेरा हवा होता, आणि परदेशी कॅमेरा विकत घेण्याची ऐपत नव्हती. तेव्हा कॅमेरा स्वतःच बनवायचा, असे त्यांनी ठरविले.

घरी घडविलेला कॅमेरा

या निर्णयाचे धाडस समजून घ्यायचे, तर त्या काळच्या कॅमेऱ्याची रचना पाहावी लागते. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मच्या दोन्ही कडांना छिद्रे असतात आणि प्रत्येक चौकटीला एका बाजूस चार छिद्रे येतात. कॅमेऱ्यातील आकडे त्या छिद्रांत शिरून फिल्म नेमकी एका चौकटीपुरती खाली ओढतात. फिल्म सरकत असताना भिंगासमोर झडप यावी लागते आणि फिल्म थांबली की ती दूर व्हावी लागते. हे सारे एका सेकंदात सुमारे सोळा वेळा घडते. हाताने फिरविण्याच्या दांड्याच्या एका फेरीत साधारणपणे आठ चौकटी चित्रित होत, म्हणजे छायालेखकाला सेकंदाला दोन फेऱ्या अखंड एकाच लयीत फिरवाव्या लागत. दात्यांच्या चाकात केसाएवढी चूक राहिली, तरी पडद्यावरचे चित्र थरथरू लागे.

हे काम अर्धवट असतानाच १९१६ मध्ये आनंदरावांचे अकाली निधन झाले. बाबूरावांनी विष्णुपंत गोविंद दामले या तरुण सहकाऱ्याच्या साथीने ते पुढे नेले आणि १९१८ मध्ये कॅमेरा पूर्ण केला. यंत्राची जाण असलेले दामले आणि रेषेची जाण असलेले बाबूराव हीच जोडी पुढे कंपनीचा कणा ठरली.

पैसा आणि आश्रय

कॅमेरा सिद्ध होत असतानाच, १९१७-१८ मध्ये, महाराष्ट्र फिल्म कंपनीची उभारणी झाली. राजर्षी शाहू महाराजांच्या कारकिर्दीत कोल्हापूर हे गायक, मल्ल, चित्रकार आणि नटांचे आश्रयस्थान बनले होते. या वातावरणाचा लाभ कंपनीला झाला. तथापि, स्टुडिओसाठी लागणारा रोख पैसा कोल्हापूरच्या प्रसिद्ध गायिका तानीबाई कागलकर यांनी कर्जाऊ दिला. ज्या व्यवसायाकडे प्रतिष्ठित समाज नाक मुरडून पाहत होता, त्याला पहिले भांडवल एका गायिकेने पुरवावे, ही बाब नोंद घेण्याजोगी आहे.

त्याच सुमारास, १९१८ मध्ये, नाशिकला फाळक्यांची हिंदुस्थान फिल्म कंपनी मुंबईच्या भागीदारांच्या पैशावर उभी राहिली. भागीदारांशी मतभेद होऊन काही काळ खुद्द फाळक्यांनाच कंपनी सोडावी लागली. मुंबईत १९१९ मध्ये द्वारकादास संपत यांची कोहिनूर फिल्म कंपनी निघाली. तिचा पाया व्यापारी होता. या दोहोंच्या तुलनेत कोल्हापूरची कंपनी ही कारागिरांची होती. तेथे कथा, वेशभूषा, देखावे, छायालेखन, रसायनप्रक्रिया आणि जाहिरात ही सर्व कामे एकाच छपराखाली होत. कच्ची फिल्म तेवढी परदेशातून आणावी लागे.

'सैरंध्री' आणि स्त्री कलावंत

कंपनीचा पहिला मूकपट 'सैरंध्री' ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्यात प्रदर्शित झाला. विराटाच्या दरबारात अज्ञातवासात राहणाऱ्या द्रौपदीची ही कथा. महाराष्ट्राला ती केवळ पौराणिक वाटणे शक्य नव्हते. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या 'कीचकवध' नाटकातील कीचकात लोकांनी लॉर्ड कर्झनला पाहिले होते आणि १९१० मध्ये सरकारने त्या नाटकावर बंदी घातली होती. पडद्यावर भीम कीचकाचा वध करतो तो प्रसंग बाबूरावांनी इतका वास्तव उभा केला, की तो भीषण असल्याचा आक्षेप सरकारी परीक्षकांनी घेतला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांचा 'सिनेमा केसरी' ही पदवी देऊन गौरव केला.

'सैरंध्री'त प्रथमच स्त्रियांनी भूमिका केल्या, असे अनेक ठिकाणी लिहिले जाते. ते बरोबर नाही. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुष नटाने केली होती, हे खरे. परंतु त्याच वर्षी फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी काम केले होते. तरीही कोल्हापूरच्या गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांचे धैर्य कमी ठरत नाही. पडद्यावर त्या अनुक्रमे कमलादेवी आणि सुशीलादेवी या नावांनी आल्या. चित्रपटात काम केले म्हणून समाजाने त्यांना वाळीत टाकले आणि अखेर त्यांना स्टुडिओच्या आवारातच आसरा घ्यावा लागला.

चित्रकाराची दृष्टी

बाबूराव प्रत्येक प्रसंग आधी कागदावर रेखाटीत. पात्राचा पोशाख, उभे राहण्याची ढब, हालचाल हे सारे रेखाटनांतून नटांना आणि सहकाऱ्यांना समजे. आयुष्यभर पडदे रंगविणाऱ्या या चित्रकारानेच चित्रपटातून रंगविलेला पडदा हद्दपार केला आणि त्याच्या जागी भिंती, खांब, दारे-खिडक्या असलेले भरीव देखावे आणले. सपाट कापडावरील खांबाची सावली रंगवावी लागते. खऱ्या खांबाची सावली प्रकाशाबरोबर आपोआप पडते. हा फरक त्यांच्या नजरेने अचूक टिपला.

प्रकाशाची अडचण मोठी होती. त्या काळी चित्रीकरण दिवसाउजेडी, सूर्यप्रकाशावर चाले. हरि नारायण आपटे यांच्या 'गड आला पण सिंह गेला' या कादंबरीवर आधारलेल्या 'सिंहगड' (१९२३) मूकपटात रात्रीची चढाई दाखवायची होती. त्यासाठी बाबूरावांनी कृत्रिम प्रकाशाचा वापर केला. भारतीय चित्रपटातील या तंत्राच्या आरंभीच्या उदाहरणांत 'सिंहगड'ची गणना होते. त्यात शेलारमामाची भूमिका करणारा तरुण होता शांताराम वणकुद्रे, म्हणजेच पुढचे व्ही. शांताराम.

प्रसिद्धीतही कंपनी काळाच्या पुढे होती. १९२१-२२ पासूनच चित्रपटाची माहिती आणि छायाचित्रे असलेल्या पुस्तिका ती प्रेक्षकांसाठी काढू लागली. भित्तिचित्रे बाबूराव स्वतः रंगवीत. शिवचरित्रावर आधारलेल्या 'कल्याण खजिना' (१९२४) या मूकपटाला लंडनजवळच्या वेम्बली प्रदर्शनात पदक मिळाले. त्याचे भित्तिचित्र आजही अभ्यासकांना ठाऊक आहे.

'सावकारी पाश'

पौराणिक आणि ऐतिहासिक विषय हमखास चालत असताना १९२५ मध्ये बाबूरावांनी नारायण हरि आपटे यांच्या कथेवर 'सावकारी पाश' काढला. सावकाराच्या कर्जात जमीन गमावून शहरातील गिरणीत मजुरी करावयास जाणाऱ्या शेतकऱ्याची ही कथा होती. शेतकऱ्याची भूमिका शांतारामांनी केली. दख्खनेतील शेतकऱ्यांनी १८७५ मध्ये सावकारांविरुद्ध दंगे केले होते आणि १८७९ मध्ये सरकारला शेतकऱ्यांच्या संरक्षणासाठी कायदा करावा लागला होता. तरीही अर्ध्या शतकानंतर हा प्रश्न जिवंत होता आणि गावोगावच्या प्रेक्षकाला त्याचे चटके ठाऊक होते. पुराणातील चमत्कारांची सवय जडलेल्या प्रेक्षकांनी मात्र चित्रपटाकडे पाठ फिरविली. आज चित्रपटाचे इतिहासकार भारतीय वास्तववादी चित्रपटाचा आरंभ येथूनच मानतात. बाबूरावांनी १९३६ मध्ये हीच कथा बोलपटाच्या रूपाने पुन्हा पडद्यावर आणली, यावरून तिचे त्यांना किती मोल होते हे दिसते.

शिष्य बाहेर पडले

एका व्यक्तीच्या प्रतिभेवर चालणाऱ्या संस्थेचे सामर्थ्य हीच तिची मर्यादाही ठरते. बाबूराव मनासारखे झाल्याशिवाय काम हातावेगळे करीत नसत. दुसरीकडे, चित्रपटगृहांना ठरावीक वेळी नवा चित्रपट हवा असे. हाताखाली तयार झालेले सहकारीही आता स्वतंत्र कामाच्या योग्यतेचे झाले होते. १९२७ मध्ये 'नेताजी पालकर'च्या दिग्दर्शनाची संधी शांतारामांना मिळाली. त्यानंतर दोनच वर्षांनी, १ जून १९२९ रोजी, विष्णुपंत दामले, एस. फत्तेलाल, व्ही. शांताराम आणि केशवराव धायबर यांनी सीताराम कुलकर्णी यांच्या आर्थिक साहाय्याने कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. पाचांपैकी चौघे महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या तालमीत तयार झालेले होते.

एवढी माणसे एकदम गेल्यावर मूळ कंपनी सावरली नाही. त्यातच १९३१ मध्ये बोलपट आला. ध्वनीमुळे परिश्रमाने विकसित झालेली दृश्यभाषा लोप पावेल, असे बाबूरावांचे मत होते. बोलपटासाठी लागणारी यंत्रसामग्री आणि भांडवल उभे करण्याऐवजी कंपनीची दारे बंद झाली. बाबूरावांनी पुढे इतर संस्थांसाठी मोजके बोलपट केले. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरात त्यांचे निधन झाले. लोक त्यांना 'कलामहर्षी' म्हणून ओळखतात.

काय उरले?

'प्रभात'ने १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' हा मराठी बोलपट काढला आणि १९३३ मध्ये आपला मुक्काम पुण्यास हलविला. दामले-फत्तेलाल या जोडीच्या 'संत तुकाराम'ची (१९३६) व्हेनिस महोत्सवात दखल घेतली गेली. 'प्रभात'च्याच आवारात १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. कोल्हापुरातील एका कार्यशाळेची परंपरा अशी थेट देशातील चित्रपट शिक्षणापर्यंत पोहोचते.

चित्रपटांचे दैव मात्र इतके चांगले नव्हते. मूकपट ज्या नायट्रेट फिल्मवर काढले जात, ती अत्यंत ज्वालाग्राही असते आणि उष्ण हवेत आपोआप विरघळू लागते. बोलपट आल्यावर मूकपटांना बाजारात किंमत उरली नाही. अनेक रिळे त्यांतील चांदी काढून घेण्यासाठी मोडीत गेली. भारतात तेराशेहून अधिक मूकपट निघाले. त्यांपैकी पूर्ण वा अंशतः टिकलेले तीसच्या आसपास आहेत. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ मध्ये झाली, तोवर फार उशीर झाला होता. जे वाचले तेही सुरक्षित नव्हते. ८ जानेवारी २००३ रोजी फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातील गोदामाला आग लागून तेथील जुन्या नायट्रेट प्रतींची राख झाली.

महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या चित्रपटांपैकी १९२७ चे 'मुरलीवाला' आणि 'सती सावित्री' यांचे काही भाग तेवढे टिकून आहेत. 'सैरंध्री', 'सिंहगड' आणि 'सावकारी पाश' यांचे मोल आज केवळ छायाचित्रे, पुस्तिका, भित्तिचित्रे आणि सहकाऱ्यांच्या आठवणी यांवरूनच ठरवावे लागते. कोल्हापुरात खरी कॉर्नर येथे उभारलेले कॅमेऱ्याचे शिल्प या कंपनीची आठवण करून देते. जुन्या सिनेमागृहांच्या अडगळीत किंवा वितरकांच्या घरच्या माळ्यावर एखादा गंजलेला डबा अजूनही पडून असेल, तर तो भंगारात जाण्यापूर्वी संग्रहालयापर्यंत पोहोचणे, ही या शिल्पाहूनही अधिक निकडीची गरज आहे.